गाळलेला परिच्छेद

महिला दिनाच्या पुरवणीत माझा लेख छापून आला. त्यात नऊ परिच्छेद होते. अम्मीला मी त्यातले आठ वाचून दाखवले.

पुढे जे झालं त्याची सुरुवात इथे आहे, म्हणून हे आधी लिहिलं. बाकीचं क्रमाने सांगते. या मजकुरात कुणाचंही नाव नाही. एका बाईच्या हाताचं माप येतं, तेही खरं नाही. तिच्याच सांगण्यावरून बदललं आहे.

आमचं बारामतीत बांगड्यांचं दुकान आहे. आठ फूट रुंद, दहा फूट खोल. दुकानात अब्बा बसतात आणि गावं अम्मी करायची. लग्न होऊन आली त्या वर्षापासून ती सासूच्या मागे बांगड्यांची पेटी घेऊन फिरायला लागली आणि सासू थकल्यावर ती पेटी तिच्याकडे आली. सुपे, मोरगावचा रस्ता, सोमेश्वरनगरच्या कॉलन्या, इंदापूरच्या बाजूला अंथुर्णे आणि त्याच्या पुढच्या वस्त्या. प्रत्येक बाजूचा वार ठरलेला होता. एसटीच्या कंडक्टरला तिची पेटी कुठे ठेवायची ते सांगावं लागत नसे.

गावातल्या बायका तिला भाभी म्हणत. लग्नघरात हळदीआधी नवरीला हिरवा चुडा भरायला तिलाच बोलावणं यायचं. चुडा भरून झाला की नवरी तिच्या पाया पडते. ही रीत आहे, त्यात कुणी वेगळं काही बघत नाही. ब्राह्मण येतो, वाजंत्री येतात, तशी भाभी येते. नवरीच्या हातात एक बांगडी जास्तीची भरायची आणि तिचे पैसे घ्यायचे नाहीत, हाही नियम. घरातल्या सगळ्या बायका भरून घेतात, म्हाताऱ्यांपासून पोरींपर्यंत. जिचा नवरा गेलेला असतो ती चुलीपाशी काहीतरी काम काढून बसते. अम्मी जाता जाता तिच्याशी दोन शब्द बोलून यायची.

बांगडी भरणं म्हणजे हात हातात घेणं. अंगठा आत दुमडायचा, बोटांची मुळं दाबून हात अरुंद करायचा आणि बाईचं लक्ष दुसरीकडे असताना बांगडी पुढे सरकवायची. त्यासाठी बोलत राहावं लागतं. अम्मी बोलायची आणि बायकाही बोलायच्या. बाई सांगत नाही ते हात सांगतो, असं अम्मी म्हणायची. हात सुजलेला आहे का, मनगट वळवताना दुखतं का, मागच्या खेपेला भरलेल्यांपैकी किती उरल्या. बांगडी फुटली असं म्हणत नाहीत, ‘वाढवली’ म्हणतात. कशाने वाढवली, हे अम्मी विचारत नसे. या धंद्यात जे दिसतं ते बोलायचं नसतं. एका घरातलं दुसऱ्या घरात नेणारीला तिसरं घर दार उघडत नाही.

इंदापूर तालुक्यातल्या एका वस्तीवर एक सून होती. तिचा लग्नाचा चुडा अम्मीनेच भरला होता, सुप्याच्या बाजूला, तिच्या माहेरी. पुढे ती ज्या वस्तीवर नांदायला गेली तीही अम्मीच्याच वाटेवर होती. त्यामुळे तिच्या माहेरचं आणि सासरचं दोन्ही अंगणं ओळखणारी बाहेरची बाई एकच होती. ती शेतात राबायची, तरी हात लहान राहिला होता. बाकीच्या बायकांना दोन-चार, दोन-सहा मापाच्या बांगड्या लागतात. काम करून पंजे रुंद झालेले असतात. हिला दोन-दोन. शाळेतल्या मुलीचं माप. अम्मी तिच्यासाठी त्या मापाच्या बांगड्यांची वेगळी माळ ठेवायची.

लग्नानंतर काही वर्षांनी तिच्या डाव्या हातातल्या बांगड्या कमी व्हायला लागल्या. डावाच हात. सात भरल्या तर पुढच्या खेपेला चार. ‘भांडी घासताना वाढवल्या,’ असं ती म्हणायची. भांडी उजव्या हाताने घासतात.

अम्मीने काय केलं ते मी तिच्याच शब्दांत सांगते. ती सुनेला काही बोलली नाही. चहा घेताना सासूला म्हणाली, “आत्याबाई, मागच्या म्हैन्यात सात भरल्या व्हत्या, आज चारच हायत. माल खराब लागला का काय कळंना. माझ्या मालाची बदनामी नको. पुढच्या खेपंला मी पुन्यांदा मोजनार बरं का.”

सासू म्हणाली, “मोजा की. आमच्यात काय लपवायचंय?”

पुढच्या खेपेला सात होत्या. त्याच्या पुढच्या खेपेला सहा. असं अडीच-तीन वर्षं चाललं. कधी पाच झाल्या की अम्मी पुन्हा मालाची तक्रार करायची, सासू चहात साखर जास्त घालायची, आणि दोन-तीन महिने बांगड्या टिकायच्या.

“मी काय पोलीस न्हाई,” अम्मी म्हणायची. “पन मोजायला येतंय कुनीतरी, हे घराला म्हाईत असलं की मानूस जरा हात आखडतो.”

हे ती मला सांगायची, घरी आल्यावर, पाय गरम पाण्यात सोडून बसली की. अब्बांनाही सांगत नसे. शेवटी म्हणायची, “हे हितंच ऱ्हाऊ दे.” दिवसभर शंभर घरांचं पोटात ठेवलेली बाई एका ठिकाणी थोडं उतरवून ठेवत होती. ते ठिकाण मी होते.

मी तेव्हा एका दैनिकाच्या जिल्हा आवृत्तीत काम करत होते. आधी पंचायत समिती, मग साखर कारखान्यांच्या सभा, मग डेस्क. आम्हाला शिकवलं होतं की विशेषण काढा, तपशील ठेवा. पीडितेचं नाव द्यायचं नाही, गाव द्यायचं नाही, वय ढोबळ द्यायचं, ओळख पटेल असं काही ठेवायचं नाही. हे नियम मला पाठ होते आणि मी ते पाळायचे.

पुरवणीसाठी विषय मागवले तेव्हा मी अम्मीवर लिहिते म्हणाले. आठ परिच्छेद सरळ होते: पेटी, एसटी, मापं, चुडा, नवरीचं पाया पडणं. पाचवा परिच्छेद असा होता:

‘इंदापूर तालुक्यातल्या एका वस्तीवर दोन-दोन मापाच्या बांगड्या भरणारी एक सून आहे. तिच्या डाव्या हातातल्या बांगड्या दर महिन्याला कमी झालेल्या असतात. भांडी घासताना वाढवल्या, असं ती सांगते. बांगडीवाली पुढचं विचारत नाही. मोजते.’

पुरवणी बघणारे वरिष्ठ म्हणाले, “हा परिच्छेद म्हणजे लेख. बाकीचं वर्णन आहे.” मी विचारलं, माप ठेवायचं का. ते म्हणाले, “ठेव. तपशिलाने विश्वास बसतो. मापावरून कोण ओळखणार?”

त्यांना माहीत नव्हतं. ते बांगडीवाल्याच्या घरात वाढले नव्हते. मी वाढले होते. एका वस्तीवरच्या बायका एकमेकींची मापं ओळखतात, सणाला एकमेकींच्या बांगड्या मागून घेतात, कुणाची कुणाला बसते हे बघूनच ओळखतात. दोन-दोनची नांदती बाई त्या सगळ्या टापूत एकच होती. माझ्या कार्यालयात माणसाची ओळख म्हणजे नाव, गाव, वय. माझ्या घरात ओळख म्हणजे माप. लिहिताना मी कार्यालयाचं धरून चालले. विसरले होते असं मात्र म्हणता येणार नाही. माप ठेवायचं का, हे मी विचारलं होतं.

पुरवणी आली तेव्हा अम्मीच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होता. चौथीपर्यंत शिकलेली, मोठी अक्षरं लावून वाचायची, पेपरातली दिसत नसत. फोटो तिच्या हातांचा होता. तो तिने लांब धरून, जवळ धरून पाहिला. मग म्हणाली, “वाच.”

मी वाचलं. चौथा परिच्छेद संपल्यावर सहाव्यावर गेले. आवाज बदलला नाही. बातमी वाचून दाखवण्याची सवय होती.

“चांगलं लिवलंस,” ती म्हणाली. “माझ्या सासूचं पन घातलंस ते लई बरं केलंस.”

दुसऱ्या दिवशी तिने ते पान दुकानाच्या काउंटरच्या काचेखाली सरकवलं. गिऱ्हाईक आलं की बोट दाखवायची: “माझ्या लेकीनं लिवलंय.” पाचवा परिच्छेद काचेखाली बरोबर मध्यभागी आला होता.

त्याच आठवड्यात ती इंदापूरच्या बाजूला गेली. रोजे सुरू झाले होते, तरी वार चुकवला नाही. तिथे काय झालं ते संध्याकाळी तिने मला सांगितलं, पायरी-पायरीने, एकही शब्द न वाढवता. मी वार्ताहर म्हणून बऱ्याच लोकांचं ऐकून घेतलं आहे. इतकं नेमकं क्वचितच कुणी सांगितलं असेल.

अंगणाच्या कडेलाच सासू उभी होती.

“भाभी, तितंच थांबा. पेटी उतरू नका.”

“का ओ आत्याबाई? कुनी आजारी हाय का घरात?”

“आजारी न्हाई. परसिद्ध झालोय आमी.”

अम्मीला कळलं नाही. ती हसली.

“हसू नका. तुमच्या लेकीनं आमची सून पेपरात काढली. माप सुदीक घातलंय. आता शिंप्याला सांगा, बिलाउजचं पन छापून टाका म्हनावं.”

शेजारच्या वस्तीवरची कॉलेजला जाणारी पोर खुरपणीच्या बायकांत पेपर घेऊन गेली होती. तिने मोठ्याने वाचला. पाचवा परिच्छेद झाल्यावर खुरपी पुन्हा चालू झाली. दुपारपर्यंत सगळ्या वस्तीला माहीत झालं आणि संध्याकाळी दूध घालायला गेलेल्या माणसांपर्यंत पोचलं. तिथे कुणीतरी तिच्या नवऱ्याला म्हणालं, “भांडी लई जड हायत व्हय रं तुमच्या घरची?”

अम्मी अंगणात उभी असताना तो नवरा बाहेर आला. आवाज चढवला नाही. म्हणाला, “भाभी, तुमचं काम भरायचं. मोजायचं न्हवं. आता तुमाला तरास नको. म्या आनल्यात इंदापुरातनं. पलास्टिकच्या. न्हाई वाढायच्या.”

सून दाराआड होती. अम्मीला फक्त तिच्या साडीचा काठ दिसला.

हे सांगून झाल्यावर अम्मी दुकानात गेली. काचेखालचं पान काढून आणलं, माझ्यासमोर ठेवलं.

“वाच. समदं. बोट ठेवून वाच.”

मी ओळींवर बोट ठेवून वाचलं. चौथ्यानंतर पाचवा वाचला. ती थांबवेल असं वाटलं होतं, तिने शेवटपर्यंत ऐकलं.

“हा मधला मला वाचला न्हवतास.”

“नाही.”

“इसरलीस?”

“नाही.”

तिने पान जवळ ओढून पाहिलं, जणू आता तिला अक्षरं दिसत होती.

“म्हंजे तुला कळत व्हतं.”

हा प्रश्न नव्हता. अजान झाली, ती रोजा सोडायला उठली. खजूर माझ्यापुढेही ठेवला, रोजच्यासारखा.

मी माफी मागायची असं ठरवलं. ती कुणाची, हे मला तेव्हा नीट ठरवता आलं नव्हतं. त्या बाजूच्या आठवडे बाजारात अम्मी माळा मांडून बसायची, तिथे मी तिच्यासोबत गेले. उन्हाचे दिवस, कांद्याचे ढीग, उसाची शेवटची वाहतूक चाललेली. दुपारच्या नमाजाच्या सुमारास ती सून आली, पिशवीत भाजी घेऊन. समोर गिऱ्हाइकासारखी बसली. डावा हात पदराखाली.

“भाभी, हिरव्या दाखवा.”

अम्मीने माळ पुढे केली. ती माळेवरून बोट फिरवत राहिली. माझ्याकडे न बघता तिने विचारलं, “पेपरवाल्या ह्याच का?”

“व्हय,” अम्मी म्हणाली.

“मला वाटलं लई मोठ्या बाई असतील.”

मी म्हणाले, माझी चूक झाली. तिने ते ऐकून घेतलं.

“तुमी लिवलं ते खोटं न्हाई,” ती म्हणाली. “म्हनूनच सांगते, ते खोटं हाय असं लिवा.”

“म्हणजे?”

“पेपरवाले लिवतात की, चुकून छापलं, तसं काय न्हवतं म्हनून. तसं. येवढं लिवलं की मिटंल. तेंनला दावायचंय मला. रोज इचारत्यात, कुनाकुनाला काय काय सांगितलंस.” मग हिरवी माळ खाली ठेवत ती मोठ्याने म्हणाली, “लई म्हाग लावता भाभी,” कारण मागे तिची जाऊ येऊन उभी राहिली होती. उठताना पदर सरकला. प्लॅस्टिकच्या बांगड्या मापाला मोठ्या होत्या, कोपरापर्यंत मागे गेल्या. त्या सगळ्या शाबूत होत्या. त्यावरून काहीच कळत नव्हतं.

मी तिला म्हणाले होते, “बघते.” आमच्या कार्यालयात हा शब्द नकारासाठी वापरतात.

तरी मी वरिष्ठांकडे गेले. त्यांनी शांतपणे ऐकलं. “खुलासा कुणाचा द्यायचा? नाव कुठे आहे लेखात? नाव नसलेल्या बाईचा खुलासा छापला की ती तीच, हे आपणच सांगितल्यासारखं होईल. आणि जे लिहिलंय ते खोटं आहे का?”

“नाही.”

“मग?”

त्यांचं बरोबर होतं. नाव न देऊन मी तिला वाचवलं असं मानत होते. प्रत्यक्षात नाव नसल्यामुळे तिला तक्रार करायलाही जागा उरली नव्हती, आणि आम्ही मोकळे होतो. बाहेर पडताना मला सुटल्यासारखं वाटलं. हे कबूल केलं नाही तर बाकीच्या नेमकेपणाला अर्थ नाही.

घरी अम्मीला सांगितलं की छापता येत नाही. कारणंही सांगितली. ती “बरं” म्हणाली. पुढच्या वारी सकाळी तिने चप्पल घातली, पेटी घेतली नाही, आणि मला म्हणाली, “चल.”

“कुठे?”

“तू बोलायचं न्हाई. फकस्त उभं ऱ्हायचं.”

वस्तीवर पोचलो तेव्हा सासू अंगणात गहू पाखडत होती. शेजारच्या दोघी-तिघी बसल्या होत्या. नवरा मोटरसायकल पुसत होता. अम्मी अंगणाच्या कडेलाच थांबली, आत गेली नाही. बोलली मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं.

“आत्याबाई, एक सांगायला आले. माझी लेक पेपरात नवी. तिला काय तरी लिवायला पाहिजे व्हतं. म्या मनचं सांगितलं. तुमच्या सुनंचं माप तेवढं डोक्यात बसलेलं, ते तोंडातनं गेलं. बाकी तुमच्या घरात तसलं काय न्हाई. म्या कदी बघितलं न्हाई. अल्लाची शपत.”

माझी अम्मी पाच वेळा नमाज पढते. आजवर तिने शपथ घेतलेली मी कधी ऐकली नव्हती. तेव्हा तर रोजा होता.

सासूने सूप खाली ठेवलं. “म्हंजे? समदं मनचं?”

“व्हय.”

“म्हंजे इतकी वर्सं तुमी घरोघरचं असंच मनचं सांगत हिंडता?”

अम्मी “व्हय” म्हणाली.

बसलेल्या बायकांपैकी एक दुसरीला म्हणाली, “आनी आपल्याबद्दल काय काय सांगितलं आसंल, देव जानं.” दुसरी म्हणाली, “तरी म्हनलं, भाभीला समद्या गावाच्या बातम्या कशा असत्यात.” दोघी हसल्या. या दोघींच्याही पोरींचे चुडे अम्मीनेच भरले होते.

नवऱ्याने फडकं झटकलं. “झालं तर मग,” म्हणाला. “भाभी, आता कशाला उनात उभ्या? आई, पानी द्या त्येंनला.”

सासूने आत बघून हाक मारली, “ए, भाभीला पानी आन गं.”

आतून त्या सुनेचा आवाज आला. त्या दिवशी ती बोललेलं एकमेव वाक्य. “त्येंचा रोजा हाय.”

आम्ही परत निघालो. एसटीला वेळ होता. थांब्यावरच्या पत्र्याखाली अम्मी बसली आणि मी उभी राहिले, बसायला कुणी मनाई केली नव्हती तरी. मी म्हणाले, “तू असं करायला नको होतं.” ती म्हणाली, “तुझ्यानं झालं न्हाई म्हनून केलं.”

त्या लग्नसराईत त्या बाजूच्या एकाही घरातून चुड्याचं बोलावणं आलं नाही. भांडण कुणी केलं नाही. इंदापुरात कॉस्मेटिकची दुकानं झाली आहेत, नवऱ्या तिथे जाऊन तयार सेट घेतात, असं बायका सांगत. तेही खरं होतं. पुढच्या वर्षी अम्मीने ती बाजू सोडली, मग सुप्याचीही. आता ती दुकानातच बसते. पेटी माळ्यावर आहे.

त्या घरात पुढे काय झालं ते मला बराच काळ कळलं नाही. मोजायला कुणी जात नव्हतं. मी दोनदा त्या भागात बातमीसाठी गेले, पण वस्तीच्या फाट्यावरून पुढे गेले. काय कारणाने जाणार होते?

ती बाई आता त्या घरात नाही. कधी निघाली, कशी निघाली, कुठे आहे, ते इथे येणार नाही. त्यात माझा किंवा माझ्या लेखाचा कोणताही वाटा नाही. हा मजकूर लिहून झाल्यावर तिचा पत्ता शोधून मी गेले आणि तिला पूर्ण वाचून दाखवला. तिने माप बदलायला सांगितलं. आणखी एका जागी तिने थांबवलं. मी लिहिलं होतं की अम्मी अंगणात शपथ घेत होती तेव्हा सून आत रडत होती. हे मला वाटलं होतं. पाहिलेलं नव्हतं.

“ते काढा,” ती म्हणाली. “मी रडले न्हवते. मला राग आला व्हता.”

“माझा?”

“तुमचा तर व्हताच. भाभीचा.”

मी म्हणाले, तूच तर ते खोटं आहे असं लिहायला सांगितलं होतंस.

“पेपरानं म्हनायला सांगितलं व्हतं. पेपर काय, आज हाय उद्या न्हाई. भाभीनं तसं म्हनायचं न्हाई. तिला एकटीला म्हाईत व्हतं. तिनंच सगळ्यांच्या म्होरं सांगितलं, काय न्हाई म्हनून, देवाची शपत घिऊन. त्येच्यानंतर मी कुनाला सांगितलं असतं तर कोन खरं मानलं असतं?”

त्या घरात त्यानंतर जी काही वर्षं तिने काढली, ती अम्मीच्या त्या शपथेसह काढली. अम्मीने स्वतःचं नाव घालवलं ते हिच्यासाठी, असं मी आजवर धरून चालले होते. आत उभ्या असलेल्या बाईला ते कसं ऐकू गेलं, हा प्रश्न मला त्या अंगणात उभी असतानाही पडला नव्हता आणि हा मजकूर लिहितानाही नाही.

तिने सांगितलेलं मी अम्मीला जसंच्या तसं सांगितलं. ती दुकानात माळा ओवत होती. तिचा दोरा थांबला नाही.

“बरोबर हाय तिचं,” म्हणाली.

मग मी विचारलं की मी नव्याने हे सगळं लिहिलंय, वाचून दाखवू का. दोन्ही डोळ्यांची ऑपरेशनं होऊन आता वर्ष झालंय. तिने काउंटरवरचा चष्मा उचलून दाखवला. “ठिव तितं. माझं मी वाचीन.” तिने वाचलं की नाही ते मला माहीत नाही. पानं तिथून हलली आहेत.

दुकानात बायका येतात. गावाकडून बाजाराला आलेल्या, कॉलनीतल्या, दवाखान्यात आल्या म्हणून डोकावणाऱ्या. काउंटरच्या अलीकडे स्टूलवर बसतात, हात पुढे करतात. अम्मी हात हातात घेते, अंगठा दुमडते, बोलायला लागते. थोड्या वेळाने बाईचा आवाज खाली येतो, मान पुढे झुकते. मी कार्यालयातून परतताना कधी त्याच वेळी पायरी चढते.

अम्मी मान वर करते. हातातला हात सोडत नाही.

“थांब जरा,” त्या बाईला सांगते. “माझी लेक आली.”

बाई सरळ बसते, पदर नीट करते आणि माझ्याकडे बघून हसते. मी पिशवी आत ठेवते आणि पुन्हा खाली गल्लीत जाऊन उभी राहते. थोड्या वेळाने आत पुन्हा बोलणं सुरू होतं.